सात दिवस कास्तकाराचे, सात दिवस साहेबाचे

दर वर्षी सरदार पटेलांच्या जयंतीच्या आगेमागे दक्षता जनजागृती सप्ताह येतो. कार्यालयांत प्रतिज्ञा होते, फलक लागतात, लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा 1064 हा क्रमांक भिंतीवर झळकतो आणि भाषणांत एक वाक्य हमखास येतं: देणाऱ्यांनी देणं थांबवलं की घेणारे आपोआप थांबतील. नरखेड तालुक्यात त्याच सुमारास आंबिया बहाराची संत्री तोडणीला आलेली असतात. जलालखेडा, सावरगाव, मोवाड, भिष्णूरकडचा कास्तकार बागेत असतो, व्यापाऱ्याशी भावावरून घासाघीस करत असतो. भाषण ऐकायला तो नसतो, पण ते वाक्य त्याच्यावरच रोखलेलं असतं. लाच त्यानं दिली, म्हणून दोष त्याचा.

मला हे वाक्य मान्य नाही. ते नुसतं भाषणात राहिलं असतं तर सोडून दिलं असतं. पण गेल्या काही वर्षांत आपलं सरकारी धोरणच त्या वाक्यावर उभं राहत गेलं आहे, आणि त्याची किंमत ज्याच्याकडे ना ओळख आहे ना वेळ, त्याला मोजावी लागते आहे.

या वाक्याचा पहिला दोष असा की त्यात लाच देणारा एकच माणूस धरला आहे. प्रत्यक्षात ते दोन आहेत. एक देतो तो न मिळणारं मिळवायला. निविदा फुगवायची, खोटं मोजमाप लिहून घ्यायचं, दुसऱ्याचा हक्क आपल्या नावावर करायचा. त्यात देणारा आणि घेणारा दोघेही खूश असतात आणि बुडतो तो तिसराच. विदर्भानं हा प्रकार गोसीखुर्द सिंचन प्रकल्पाच्या निमित्तानं जवळून पाहिला. 1983 साली 372 कोटींचा अंदाज असलेला प्रकल्प अठरा हजार कोटींच्या पलीकडे गेला. भूसंपादन, पुनर्वसन आणि महागाई ही त्यातली खरी कारणं होतीच. पण विदर्भ पाटबंधारे विकास महामंडळाच्या कामांवरून जनमंच या संघटनेला नागपूर खंडपीठात जनहित याचिका करावी लागली आणि पुढे लाचलुचपत विभागाला गुन्हे दाखल करावे लागले, तेही त्याच प्रकल्पात. अशा व्यवहारात पैसे देणाऱ्याला तुरुंगात टाकलं तर माझी काहीच तक्रार नाही.

दुसरा देणारा वेगळा आहे. त्याचा बाप वारला आहे. तीन एकर संत्र्याची बाग अजून बापाच्या नावावर आहे. वारसाची नोंद झाल्याशिवाय बँक पीककर्ज देणार नाही, नोंद झाल्याशिवाय सरकारी मदत त्याच्या खात्यात येणार नाही. कायद्यानं हे काम त्याच्या हक्काचं आहे. पटवाऱ्याकडे अर्ज द्यायचा, नोंद घेतली जाते, संबंधितांना नोटीस निघते, पंधरा दिवसांत हरकत आली नाही तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. कागदावर एवढंच आहे. ते एवढ्यात होत नाही, तेव्हा कुणी त्याला 'नाही' म्हणत नाही. 'नाही' म्हटलं असतं तर त्याला अपील तरी करता आलं असतं. त्याला ऐकू येतं ते 'पुढच्या आठवड्यात या', 'साहेब दौऱ्यावर आहेत', 'सर्व्हर बंद आहे'. महिना जातो. खताची, फवारणीची वेळ निघून चाललेली असते. मग कुणीतरी बाजूला घेऊन रक्कम सांगतं.

त्या क्षणी त्याच्यासमोर नीतीचा प्रश्न ठेवणं हा त्याच्यावर अन्याय आहे. तो जे विकत घेतो आहे ते त्याचंच आहे. त्याच्याकडून काढून घेतलेला वेळ त्याला पैसे मोजून परत घ्यावा लागतो आहे. अर्थतज्ज्ञ कौशिक बसू केंद्र सरकारचे मुख्य आर्थिक सल्लागार असताना, 2011 साली, त्यांनी अशा लाचेला छळाची लाच म्हटलं आणि ती देणाऱ्याला कायद्यानं निर्दोष धरावं असं सुचवलं. म्हणजे देणारा उद्या न भिता तक्रार करू शकेल आणि घेणाऱ्याला तीच भीती राहील. तेव्हा त्यांच्यावर चहूबाजूंनी टीका झाली, लाचेला मान्यता देता का, असं विचारलं गेलं. बसूंच्या सूचनेत अडचणी होत्या. घेणारा आणि देणारा एकाच बाजूला बांधले गेले की तक्रार दबते, हे त्यांचं निरीक्षण मात्र अचूक होतं.

सात वर्षांनी संसदेनं उलट दिशा धरली. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यातल्या 2018 च्या दुरुस्तीनं कलम 8 प्रमाणे लाच देणं हा स्वतंत्र गुन्हा झाला. सक्तीनं द्यावी लागली असेल तर सुटका आहे, पण एका अटीवर: दिल्यापासून सात दिवसांच्या आत पोलिसांना किंवा तपास यंत्रणेला कळवलं पाहिजे. आठव्या दिवशी तो कास्तकार कायद्याच्या नजरेत गुन्हेगार होऊ शकतो. तक्रार आधीच करून सापळा लावायला मदत केली तर त्याला संरक्षण आहे, हे खरं. पण ज्यानं आज घाबरून दिले आणि महिन्यानं धीर गोळा केला, त्याला तो महिना नडतो.

याच राज्यात आणखी एका कायद्यात सात दिवस लिहिलेले आहेत. अण्णा हजारे यांच्या आंदोलनानंतर आलेला बदल्यांचं विनियमन आणि कामातल्या विलंबाला प्रतिबंध करणारा 2005 चा कायदा. त्याच्या कलम 10 मध्ये म्हटलं आहे की सर्वसाधारणपणे कोणतीही फाइल कोणत्याही सरकारी कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांहून जास्त पडून राहू नये. तातडीच्या फायलींना याहून कमी मुदत आहे. आणि ती मुदत मोडली तर? जाणूनबुजून विलंब केल्याचं सिद्ध झालं तर शिस्तभंगाची कारवाई. ती करायची वरच्या साहेबानं, त्यानं करायची ठरवली तर.

हे दोन सात दिवस शेजारी ठेवून पाहावेत अशी माझी भाषणातल्या त्या वाक्याच्या प्रत्येक समर्थकाला विनंती आहे. कास्तकारानं सात दिवस चुकवले तर फौजदारी. कर्मचाऱ्यानं सात दिवस चुकवले तर सर्वसाधारणपणे, जाणूनबुजून, सिद्ध झाल्यास, असे तीन दरवाजे ओलांडून एखादी ताकीद. ज्याच्या हातात फाइल आहे त्याला मुदत सैल आणि ज्याच्या हातात काहीच नाही त्याला ती आवळलेली, असं धोरण असेल तर लाच का थांबत नाही याचं उत्तर लोकांच्या मनोवृत्तीत कशाला शोधायचं?

यावर मला सांगितलं जाईल की 2015 चा लोकसेवा हक्क कायदा आहे. आहे, आणि तो चांगल्या हेतूनं आला. अधिसूचित सेवा ठरलेल्या दिवसांत मिळाली नाही तर पहिलं अपील, दुसरं अपील, मग राज्य सेवा हक्क आयोग. कसूर ठरली तर पाचशे ते पाच हजार रुपये दंड. पण पहिली दोन्ही अपिलं त्याच खात्यातल्या वरिष्ठांकडे जातात. ज्या साहेबाच्या हाताखालच्या माणसाविरुद्ध बोलायचं, त्याच साहेबाच्या दारात अर्ज घेऊन उभं राहायचं. पुढच्या नोंदीसाठी, पुढच्या पंचनाम्यासाठी त्याच चावडीवर परत जायचं आहे, हे डोक्यात असतंच. आणि शेवटी दंड झाला तरी तो सरकारजमा होतो. ज्याचा हंगाम गेला त्याच्या हाती काही लागत नाही.

नरखेडच्या माणसाला याची तुलना करायला दूर जावं लागत नाही. तालुक्याची हद्द ओलांडली की मध्य प्रदेशातलं पांढुर्णा. तिथंही मराठी बोलली जाते, तिथंही संत्र्याच्या बागा आहेत, नातीगोती दोन्हीकडे आहेत. त्या राज्यानं लोकसेवा हमीचा कायदा 2010 मध्येच, देशात सर्वांत आधी केला. उशिराच्या दर दिवसाला अडीचशे रुपये, कमाल पाच हजार, आणि त्या दंडातून अर्जदाराला भरपाई देण्याची तरतूद. पांढुर्ण्यात लाच उरली नाही असा माझा दावा नाही. पण उशीर झाला तर नुकसान कुणाचं, या प्रश्नाला त्यांच्या कायद्यानं पाच वर्षं आधी जास्त सरळ उत्तर दिलं, आणि आपण मागून येऊनही ते घेतलं नाही. हरियाणानं 2021 मध्ये आणखी एक पाऊल टाकलं. मुदत संपली की अर्जदारानं काहीही न करता संगणकच अपील वर पाठवतो. अर्जदाराला कुणाच्या डोळ्यांवर यावं लागत नाही, कारण अपील त्यानं केलेलंच नसतं. आपल्याकडे भूमी अभिलेखाची संगणक यंत्रणा एवढी मोठी आहे की हेच काम वारस नोंदीपासून उद्या सुरू करता येईल. ते का होत नाही, याचं उत्तर जनजागृती सप्ताहात कुणी देत नाही.

संगणकाचा विषय निघाला आहे तर दुसऱ्या एका आवडत्या दाव्याकडेही वळतो. ऑनलाइन केलं की लाच संपते, असं म्हणतात. यात अर्धं सत्य आहे आणि ते मोकळेपणानं मान्य केलं पाहिजे. डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा आज पंधरा रुपयांत घरबसल्या मिळतो. साध्या उताऱ्यासाठी चावडीवर ताटकळणं गेलं, आणि त्याबरोबर त्या उताऱ्यावरची चिरीमिरीही गेली. ज्यांनी हे घडवलं त्यांचे आभार मानायला हवेत. पण ते का घडलं हेही पाहावं. उतारा देताना कुणाचं मत लागत नाही, कुणाची सही अडवता येत नाही. जिथं माणसाचा निर्णय पूर्णपणे काढला गेला तिथंच लाच मेली. जिथं तो शिल्लक राहिला तिथं फक्त अर्ज ऑनलाइन झाला. फेरफाराची नोंद संगणकात पडते, पण ती प्रमाणित करायची वेळ माणसाच्या हातात असते. संगणकीकरणात सातबाऱ्यावर चुकून नाव गळलं किंवा क्षेत्र बदललं, तर ते दुरुस्त करायला महसूल संहितेच्या कलम 155 खाली तहसीलदाराचा आदेश लागतो. चूक यंत्रणेची, आणि ती सुधारून घ्यायला चकरा मात्र ज्याचं नाव गळलं त्याच्या. पूर्वी जो दलाल तहसीलच्या आवारात उभा असायचा तो आता अर्ज भरून देण्याच्या नावाखाली बसू शकतो, एवढाच फरक पडतो.

संत्र्याच्या पट्ट्यात माणसाच्या हातातला हा निर्णय सर्वांत जड पडतो तो पंचनाम्याच्या वेळी. गारपीट झाली, अतिवृष्टी झाली, की पटवारी, कृषी सहायक आणि ग्रामसेवक मिळून नुकसानीचा पंचनामा करतात. मदत मिळते ती तेहतीस टक्के किंवा त्याहून अधिक नुकसान झालं तर. आपत्ती निधीच्या 2022 ते 2026 च्या निकषांत कोरडवाहूला हेक्टरी साडेआठ हजार, बागायतीला सतरा हजार, बहुवार्षिक फळबागेला साडेबावीस हजार असा दर होता. म्हणजे दोन गोष्टी ठरवायच्या: सातबाऱ्यावर बागेची नोंद काय आहे, आणि नुकसान तेहतीसच्या अलीकडे की पलीकडे. झाडाखाली पडलेली फळं मोजून टक्केवारी काढणारा माणूस बत्तीस लिहू शकतो आणि पस्तीसही लिहू शकतो, आणि दोन्ही वेळा त्याला खोटं ठरवणं जवळजवळ अशक्य आहे. गळ पुढे आठ दिवस सुरूच राहते. पंचनामा आज झाला की दहा दिवसांनी, यावरही आकडा बदलतो. बहुसंख्य कर्मचारी तो आकडा प्रामाणिकपणे लिहीत असतील. पण धोरण प्रामाणिक माणसावर विसंबून आखायचं नसतं.

इथं कास्तकाराला 'देऊ नका' म्हणणं म्हणजे काय म्हणणं आहे ते नीट पाहा. दोन हेक्टर बागेचे पंचेचाळीस हजार रुपये एका आकड्यावर अवलंबून आहेत, तो आकडा कुणी आणि कसा काढला हे त्याला दिसत नाही, आणि तुम्ही त्याला धैर्य शिकवता आहात. शिकवायचंच असेल तर पंचनाम्याची यादी, शेतकऱ्याचं नाव, गट क्रमांक, पीक आणि लिहिलेली टक्केवारी, त्याच दिवशी ग्रामपंचायतीच्या भिंतीवर लावायची सक्ती करा. शेजारच्या बांधावर साठ टक्के आणि आपल्याकडे तीस, हे गावाला दिसलं तर गाव बोलतं. शेतकऱ्यानं स्वतः पिकाची नोंद आणि छायाचित्र टाकायची ई-पीक पाहणी 15 ऑगस्ट 2021 पासून राज्यभर आली, ई-पंचनाम्याचा प्रयोगही नागपूर विभागातच झाला. दिशा बरोबर आहे. पण छायाचित्र सरकारकडे जातं, टक्केवारी सरकारकडे राहते, आणि गावाला कळतं ते पैसे आले किंवा आले नाहीत एवढंच.

तक्रार करण्याचं धैर्य दाखवलेल्यांचं काय होतं, हेही सांगायला हवं. सापळ्याची पद्धत सगळ्यांना ऐकून माहीत आहे: तक्रार नोंदवायची, मागणीची पडताळणी व्हायची, दोन सरकारी पंच, नोटांना अँथ्रासिन पावडर, मग अतिनील दिव्याखाली चमकणारे हात. नोटा बहुतेक वेळा तक्रारदारालाच आणाव्या लागतात, नंतर त्या परत मिळतात. नरखेडच्या माणसाला हे सगळं करायला ऐंशीएक किलोमीटरवरच्या नागपूरच्या कचेरीशी जुळवून घ्यावं लागतं. तरीही लोक येतात. प्रवीण दीक्षित विभागाचे महासंचालक असताना, 2014 मध्ये, राज्यात वर्षात बाराशेहून अधिक सापळे लागले. म्हणजे विभागानं दार उघडं ठेवलं, विश्वास दिला, तेव्हा लोकांनी माघार घेतली नाही. 2020 नंतरची कितीतरी वर्षं हा आकडा सातशेच्या आसपास घुटमळला. महाराष्ट्रातल्या माणसांची मनोवृत्ती सहा वर्षांत एवढी बिघडली असं कुणी म्हणणार आहे का? बदललं असेल तर ते यंत्रणेचं वागणं.

आणि सापळ्यानंतर? खटला शक्यतो दोन वर्षांत निकाली काढावा असं 2018 च्या दुरुस्तीतच लिहिलं आहे. खटल्यांच्या प्रत्यक्ष वेगाची कल्पना नागपूर जिल्ह्याला चांगली आहे. कलमं वेगळी होती, पण जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या रोखे घोटाळ्याचा गुन्हा 2002 मध्ये दाखल झाला आणि बँकेचे तेव्हाचे अध्यक्ष सुनील केदार यांच्यासह सहा जणांना शिक्षा सुनावली गेली ती 22 डिसेंबर 2023 रोजी. त्या शिक्षेवर अपील झालं आहे आणि अंतिम निवाडा न्यायालय देईल. मला बोलायचं आहे ते मधल्या एकवीस वर्षांविषयी. ज्या शेतकऱ्यांची ठेव आणि पीककर्ज त्या बँकेवर अवलंबून होतं त्यांच्यातले किती जण निकाल ऐकायला उरले असतील?

खालच्या चावडीवरून नजर वर नेली तर चित्र अधिक गंभीर होतं. सापळ्यात सापडतो तो बहुधा शेवटच्या पायरीवरचा माणूस, कारण नोटा त्याच्या हातात असतात. दर वर्षी सापळ्यांच्या यादीत महसूल आणि पोलीस ही खाती वर असतात, आणि त्यातले बहुतेक जण कनिष्ठ. पण हव्या त्या जागी बदली ही स्वतःच एक मिळकत झाली असेल तर खालच्या माणसाला तिची वसुली करावीच लागते. त्यावरचा उपायही 2005 च्याच कायद्यात होता: एका जागी सर्वसाधारणपणे तीन वर्षं, बदल्या फक्त एप्रिल-मेमध्ये. सोबत अपवादाचं कलम होतं, कारणं नोंदवून मुदतीआधी बदली करता येते. त्या अपवादानं नियम कसा खाल्ला हे नागपूरकरांनी पाहिलं आहे. तुकाराम मुंढे महापालिकेचे आयुक्त म्हणून जानेवारी 2020 मध्ये आले आणि ऑगस्ट 2020 मध्ये गेले. त्यांच्या कार्यपद्धतीवर मतभेद असू शकतात, पण सात महिने म्हणजे तीन वर्षं नव्हेत.

नरखेड तालुक्यात या विषयावर बोलताना अनिल देशमुखांचं नाव टाळणं भित्रेपणा होईल. वडविहिरा याच तालुक्यातलं. गृहमंत्री असताना त्यांच्यावर मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंह यांनी वसुलीचा आरोप केला, उच्च न्यायालयानं सीबीआयला प्राथमिक चौकशी करायला सांगितलं आणि 5 एप्रिल 2021 रोजी त्यांनी राजीनामा दिला. ते आरोप नाकारतात, आणि दोष ठरवणं न्यायालयाचं काम आहे. माझा मुद्दा त्यांच्या दोषाचा किंवा निर्दोषत्वाचा नाही. याच आरोपांच्या चौकशीसाठी राज्य सरकारनं नेमलेल्या न्यायमूर्ती चांदीवाल आयोगानं एप्रिल 2022 मध्ये अहवाल दिला. चौकशी आयोगाचा अहवाल सहा महिन्यांत सभागृहासमोर ठेवायचा असं चौकशी आयोग कायदा सांगतो. महाविकास आघाडीचं सरकार गेलं, महायुतीचं आलं, 2024 ची विधानसभा निवडणूक आली, तरी तो ठेवला गेला नव्हता. देशमुख निर्दोष असतील तर त्यांच्या मतदारांना ते कळायला हवं होतं, नसतील तरी कळायला हवं होतं. कास्तकाराला सात दिवसांत तोंड उघडायला सांगणाऱ्या सरकारांनी स्वतःचे सहा महिने असे वाऱ्यावर सोडले.

माझ्या बाजूवर येणाऱ्या दोन आक्षेपांना उत्तर देणं भाग आहे. पहिला असा की मुदत संपली की मंजुरी मिळालीच असं धरलं तर खोट्या नोंदी घुसतील. आक्षेप रास्त आहे, म्हणून जिथं पैसे द्यायचे आहेत किंवा वाद आहे तिथं मी अशी आपोआप मंजुरी मागत नाही. पण महाराष्ट्रात ही कल्पना नवी नाही. 1966 च्या प्रादेशिक व नगररचना कायद्यात बांधकाम परवानगीवर साठ दिवसांत निर्णय झाला नाही तर ती मिळाली असं मानण्याची तरतूद आहे. ज्या वारस नोंदीवर नोटिशीच्या मुदतीत एकही हरकत आली नाही, तिला एवढा विश्वास द्यायला काय हरकत आहे? तहसीलचा कारकून बिल्डरपेक्षा कास्तकारावर जास्त संशय घेतो असं तर नाही ना?

दुसरा आक्षेप मला जास्त महत्त्वाचा वाटतो, कारण तो प्रामाणिक कर्मचाऱ्यांकडून येतो. एका पटवाऱ्याकडे दोन-दोन, तीन-तीन सजांचा अतिरिक्त कार्यभार असतो. निवडणुकीची कामं, मतदार याद्या, सर्वेक्षणं, वरून पंचनामे. उशीर होतो तो लाचेसाठीच असं कसं म्हणता? तसं मी म्हणत नाही. पण रिकामी जागा हा लाचखोराचा सर्वांत मोठा आडोसा आहे, कारण त्यामागे खरा उशीर आणि मुद्दाम केलेला उशीर सारखेच दिसतात. म्हणून प्रत्येक सजाच्या प्रलंबित नोंदी, किती दिवसांपासून आणि कुणाकडे, हे 'आपली चावडी' या संकेतस्थळावर नोटिशींसारखंच उघडं दिसायला हवं, आणि जागा रिकामी असेल तर तिथं 'पद रिक्त' असं तारखेसह लिहिलेलं हवं. मग उशिराचा जाब पटवाऱ्याला न विचारता ज्यानं पद भरलं नाही त्याला विचारता येईल. तो जाब नरखेडच्या तहसीलमधून काटोलच्या उपविभागीय अधिकाऱ्यापर्यंत, तिथून नागपूरच्या जिल्हाधिकाऱ्यापर्यंत आणि मग मंत्रालयापर्यंत आपोआप चढत गेला पाहिजे, कास्तकारानं एकही अर्ज न करता.